बर्ड फ्लू: रश्श्याला घाबरतो आणि खुराड्यात उघड्या हाताने जातो, या चुका टाळा

दोन वर्षांपूर्वी थंडीत मावशीकडे गावी गेलो होतो. सकाळी सकाळी डालं उचललं तर खाली तीन गावरान कोंबड्या आडव्या पडलेल्या. मी काय केलं, तर तिन्ही तंगड्यांना धरून उचलल्या, लोंबकळत नेल्या, मागच्या ओढ्यात फेकल्या, हात पँटला पुसले आणि येऊन चहा-खारी खात बसलो. आणि गंमत म्हणजे त्याच दिवशी फॅमिली ग्रुपवर कुणीतरी बर्ड फ्लूचा मेसेज टाकला तर संध्याकाळचं चिकन कॅन्सल करायला सगळ्यात पुढे मीच!

नशीब, उरलेल्या कोंबड्यांचे सॅम्पल गेले आणि मानमोडी, म्हणजे कोंबड्यांचा राणीखेत रोग, निघाली. पण डॉक्टरांनी ओढ्याचं ऐकल्यावर जे झापलंय ना, ते अजून लक्षात आहे. म्हणून हे लिहितोय, कारण माझ्यासारखे शहाणे खूप आहेत.

चूक पहिली: भीती ताटाची, बेफिकिरी खुराड्याची

बर्ड फ्लूचा व्हायरस पक्ष्याच्या विष्ठेत, नाका-तोंडाच्या स्रावात, रक्तात असतो. ७० अंशाच्या वर मांस आतपर्यंत नीट शिजलं की तो मरतो, आणि आपल्याकडे चिकन नुसतं शिजवत नाहीत, रटरट उकळतात. म्हणजे तांबडा-पांढरा बिनधास्त खा. २००६ च्या फेब्रुवारीत नंदुरबारच्या नवापूरला भारतातला पहिला बर्ड फ्लू सापडला तेव्हा देशभर चिकन-अंड्याचे भाव कोसळले, पोल्ट्रीवाले रस्त्यावर आले, आणि माणसात त्या वर्षी भारतात एकही केस सापडली नाही.

किचनमध्ये धोका आहे, पण तो शिजवायच्या आधी. ज्या सुरीने आणि पाटावर चिकन कापलं त्याच्यावरच लगेच कोशिंबिरीचा कांदा कापायचा, चिकन नळाखाली फुल प्रेशरने धुवायचं आणि ते पाणी ओट्यावर, भांड्यांवर उडवायचं, हे बंद करा. हाफ फ्राय अंडं साथ सुरू असताना नको, उकडून खा. आणि कच्चा तुकडा लहान पोराच्या हातात चुकूनही द्यायचा नाही. २०२५ मध्ये आंध्रात दोन वर्षांची एक मुलगी एच५एन१ ने, म्हणजे बर्ड फ्लूच्याच एका व्हायरसने, गेली, तिला चिकन कापताना कच्चा तुकडा दिला होता असं समोर आलं. त्याआधी २०२१ मध्ये हरियाणाचा ११ वर्षांचा मुलगा दिल्लीच्या एम्समध्ये दगावला, ती भारतातली एच५एन१ ची पहिली मानवी केस.

जगभरात २००३ पासून एच५एन१ च्या ९०० च्या वर मानवी केसेस नोंदल्यात आणि त्यात जवळपास निम्मे दगावले. आकडा ऐकून घाम फुटतो, पण हेही बघा की सौम्य ताप येऊन बरे झालेले किती जण टेस्टपर्यंत पोचतच नाहीत. आणि माणसाकडून माणसाला तो अजून सहज पसरत नाही, बहुतेक केसेस आजारी किंवा मेलेल्या पक्ष्यांच्या जवळच्या संपर्कातल्या. म्हणजे परत गाडी खुराड्यावरच येते.

चूक दुसरी: मेलेलं पाखरू उचलायचं, फेकायचं, विसरायचं

माझीच चूक, त्यामुळे जरा सविस्तर सांगतो. ओढ्यात फेकलं की ते पाणी खाली बदकं पितात, कावळे-कुत्री ते ओढून काढतात, आणि आपण हातानेच पाहुणा पुढच्या वस्तीवर पाठवलेला असतो. थंडीच्या दिवसात, म्हणजे ४ अंशाच्या आसपास, विष्ठेत हा व्हायरस महिनाभरसुद्धा टिकतो, ३७ अंशाच्या गरमीत आठवडाभरात संपतो. म्हणून आपल्याकडे बोंब बहुतेक वेळा जानेवारी-फेब्रुवारीतच उठते, वर त्याच दिवसात बाहेरून आलेले पाणपक्षी तळ्या-धरणांवर असतात.

मग करायचं काय? एखादीच कोंबडी मेली तर लगेच बर्ड फ्लू समजू नका, कोंबड्या दहा कारणांनी मरतात. पण एक-दोन दिवसात पटापट मरायला लागल्या, किंवा झाडाखाली कावळे-बगळे मरून पडलेले दिसले, तर हात लावायचा नाही, पोरांना आणि कुत्र्याला लांब ठेवायचं आणि पशुवैद्यकीय दवाखान्याला किंवा १९६२ या जनावरांच्या हेल्पलाइनला फोन करायचा. जानेवारी २०२५ ला उदगीरमध्ये असेच कावळे मरून पडले होते, सॅम्पल भोपाळच्या लॅबला गेले आणि एच५एन१ निघाला. घाईघाईने सगळं पुरून टाकू नका, सॅम्पलला काहीतरी उरलं पाहिजे. "बघू तरी आत काय झालंय" म्हणून घरी कोंबडी फाडणारे पण मी बघितलेत, त्यांना हात जोडतो.

उचलायचीच वेळ आली तर तोंडाला मास्क, हातात ग्लोव्हज. ग्लोव्हज नसतील तर प्लास्टिकची पिशवी हातात घालून उचला, तीच उलटी करून गाठ मारा, दुसऱ्या पिशवीत टाका, मग साबणाने हात धुवा. साबण चालतो बरं का, या व्हायरसचं वरचं कवच चरबीचं असतं आणि साबणाने ते फाटतं. डॉक्टरांनी सांगितल्यावर खोल खड्डा, चुना टाकून पुरायचं, विहीर-बोअरपासून लांब आणि कुत्र्यांना उकरता येणार नाही असं. मावशीने आता खुराड्याजवळ खिळ्याला ग्लोव्हज अडकवून ठेवलेत, केसांच्या डायच्या पाकिटात येतात ना ते पातळ वाले. टिकत नाहीत, पण माझ्या पँटपेक्षा बरे!!

चूक तिसरी: "मानमोडीच असणार" म्हणून बाजार गाठायचा

बर्ड फ्लूची लक्षणं बघा: तुरा-गलोल (गळ्याखालची लोंबती कातडी) निळं-जांभळं पडणं, डोकं सुजणं, पायावर लाल चट्टे, खाणं-पाणी एकदम कमी, अंडी घटणं नाहीतर पातळ कवचाची येणं, आणि काही वेळा काहीच न दिसता सरळ मरतुक. यातली बरीच लक्षणं मानमोडीत पण दिसतात, त्यामुळे नुसतं बघून कुणीच छातीठोक सांगू शकत नाही, ना तुम्ही, ना खाद्यवाला, ना कंपनीचा सुपरवायझर. पक्कं निदान लॅबमध्येच. बदकांचं तर अजून अवघड, ती वरून ठणठणीत दिसतात आणि व्हायरस सोडत राहतात.

सगळ्यात मोठा घोळ इथे होतो. चार मेल्या की माणूस उरलेल्या चाळीस पिंजऱ्यात कोंबून आठवडी बाजारात स्वस्तात काढतो. त्याचं पण समजतं, पैसा अडकलेला असतो. पण हिशोब नीट करा. साथ जाहीर झाली की १ किलोमीटरच्या आतले पक्षी नष्ट करतात, १० किलोमीटरपर्यंत निगराणी लागते, आणि नुकसानभरपाई मिळते ती सरकारी पथकाने मारलेल्या पक्ष्यांची, आधी मेलेल्यांची नाही. म्हणजे लपवून ठेवलं तर रोज मरतुकीत पैसे जातात, आणि लवकर कळवलं तर जिवंत असलेल्यांचे तरी हातात येतात. भरपाई बाजारभावाएवढी नसते आणि चकरा माराव्या लागतात हे मान्य, त्यावर लोकांचा राग आहे तो खरा आहे. पण आजारी कोंबड्या विकून तुम्ही चाळीस घरांत रोग नेता आणि जनावरांच्या संसर्गजन्य रोगांच्या २००९ च्या कायद्याप्रमाणे न कळवणं हा गुन्हा आहे ते वेगळंच. परभणीच्या मुरुंब्यात जानेवारी २०२१ मध्ये एका फटक्यात ८०० च्या आसपास कोंबड्या मेल्या होत्या, एवढ्या वेगाने जातं हे प्रकरण, विचार करायला वेळ देत नाही.

चूक चौथी: पाण्यात अँटिबायोटिक

व्हायरसवर अँटिबायोटिक चालत नाही, विषय संपला. लासोटा ही लस मानमोडीची आहे, तिच्याने बर्ड फ्लू अडत नाही, आणि एच५एन१ ची लस आपल्याकडे कोंबड्यांना देत नाहीत. हळद-लसूण द्यायचा तर द्या, पण त्याच्या भरवशावर फोन करायचा थांबू नका.

चूक पाचवी: शेडचं दार म्हणजे एसटी स्टँड

रोग उडून येतो त्यापेक्षा चालत जास्त येतो, चपलेच्या तळव्याला, गाडीच्या टायरला, दुसऱ्या फार्मवरून फिरून आलेल्या अंड्यांच्या ट्रेला चिकटून. शेडमध्ये वेगळी चप्पल ठेवा, दारात जंतुनाशकाचा टब ठेवा आणि त्यातलं पाणी बदला, गढूळ झालेल्या पाण्यात पाय बुडवून काही होत नाही. जाळी फाटली असेल तर शिवा, खाद्य सांडलेलं ठेवू नका, चिमण्या-कावळे त्यालाच येतात. तूस (शेडमध्ये खाली अंथरलेला भुसा) काढताना कोरडं झाडू नका, धूळ नाकात जाते, आधी पाणी शिंपडा. घरच्या कोंबड्या आणि बदकं एका खुराड्यात नकोत.

मांजर राहिलं की!

कोंबडी कापली की पिसं, आतडी आणि कच्चे तुकडे मांजराला, हे आपल्याकडे ठरलेलंच. २०२५ च्या सुरुवातीला छिंदवाड्यात पाळीव मांजरांत एच५एन१ सापडला, आणि त्याच्या थोडं आधी नागपूरच्या गोरेवाडा प्राणी बचाव केंद्रात तीन वाघ आणि एक बिबट्या मेले, त्यांच्यातही हाच. अमेरिकेत तर २०२४ पासून गाईंच्या गोठ्यात घुसलाय आणि कच्चं दूध प्यायलेली मांजरं मेली. मांजराला द्यायचं ते शिजवून द्या, आपण दूध उकळूनच पितो ते उत्तम.

शेवटची, डॉक्टरकडे गप्प बसायची

आजारी कोंबड्या हाताळल्यानंतर साधारण १० दिवसांत ताप, खोकला, घसा, डोळे लाल होणं, धाप लागणं असं काही झालं तर मेडिकलवरून गोळी घेऊन झोपू नका, मास्क लावून सरकारी दवाखाना गाठा. यावर ओसेल्टामिविर नावाचं औषध आहे पण ते जितकं लवकर सुरू होईल तितकं चांगलं. ओपीडीतल्या गर्दीत डॉक्टर विचारतील कुठे गेला होतात, काय खाल्लं, पण कोंबड्यांचं विचारतीलच असं नाही, त्यामुळे बसल्या बसल्या आपणच सांगायचं, "घरी कोंबड्या आहेत, मागच्या आठवड्यात चार मेल्या आणि त्या मी उचलल्या."