पुण्याच्या काळ्या इतिहासातून संध्याकाळची पायी फेरी: निघण्यापूर्वी आणि चालताना

मी एकतीस वर्षं नर्स होते. निवृत्तीनंतर गुडघे साथ देतायत तोवर आपलं शहर पायी पाहून घ्यावं म्हणून हेरिटेज वॉकना जाऊ लागले. पुण्याच्या काळ्या इतिहासाच्या संध्याकाळच्या फेऱ्या आतापर्यंत सहा केल्या, वेगवेगळ्या गाईडबरोबर. काही मनात राहिल्या. एकीतून मी अर्ध्यात निघून आले. तुम्ही जाणार असाल तर आधी हे वाचा.

पैसे भरण्याआधी गाईडला फोन करा आणि पहिला प्रश्न विचारा, 'तुम्ही काय काय सांगता?' उत्तरात फक्त 'काका मला वाचवा' आणि पौर्णिमेची रात्र आली, तर दुसरी फेरी शोधा. मी जी सोडून आले, तिथे गाईडनं एका मुलाला भिंतीआड लपवून किंकाळी मारायला लावली होती. लोक हसले. मी वॉर्डात मरणाऱ्या माणसांचे आवाज ऐकलेत, मला तिथे उभं राहवेना. नंतर शांतपणे विचार केला तेव्हा कळलं, राग किंकाळीचा नव्हता. नारायणराव पेशवे नावाचा खरा मुलगा तिथे मेला होता, त्याच्याबद्दल एक वाक्यही कुणी बोललं नव्हतं, राग त्याचा होता.

दुसरा प्रश्न, गटात किती माणसं असतात. पंधराच्या वर असतील तर पेठांतल्या गल्लीत मागच्यांना काही ऐकू येत नाही, आणि गाड्यांना वाट देण्यातच वेळ जातो. तिसरा, गाईड लाऊडस्पीकर वापरतो का. वापरत असेल तर जाऊ नका, कारण त्या गल्ल्यांत लोक राहतात, मुलं अभ्यासाला बसलेली असतात. किती अंतर, किती वेळ, मध्ये स्वच्छतागृह कुठे, पाऊस आला तर पैसे परत मिळतात का, हेही तेव्हाच विचारून घ्या. मी केलेल्या फेऱ्या साधारण तीन-साडेतीन किलोमीटरच्या आणि अडीच तासांच्या होत्या.

दिवस निवडताना दिवाळीनंतरचे, नोव्हेंबर ते फेब्रुवारी हे महिने पाहा. गणपतीत त्या भागात पाय ठेवायला जागा नसते. डिसेंबरात सहाच्या सुमारास सूर्य मावळतो, म्हणून पाचला सुरू होणारी फेरी उत्तम. निम्मं उजेडात दिसतं, निम्मं अंधारात. शनिवारवाडा संध्याकाळी बंद होतो, तो आतून बघायचा तर दुपारीच जाऊन या. गाडी आणू नका. मेट्रोनं महानगरपालिकेच्या स्थानकावर उतरलात तर चालत पोचता.

मागे पट्टा असलेल्या चपला किंवा बूट घाला, फुटपाथचे ब्लॉक ठिकठिकाणी वर आलेले असतात. कपडे फिक्या रंगाचे, म्हणजे दुचाकीवाल्याला तुम्ही दिसाल. पाणी घ्या. साखरेचा त्रास असणाऱ्यांनी निघण्यापूर्वी खाऊन घ्यावं आणि खिशात बिस्किटं ठेवावीत, कारण गोष्ट रंगली की गाईडला वेळेचं भान राहत नाही. बॅटरी पायांपुरती, कुणाच्या खिडकीवर मारायची नाही. दहा वर्षांखालच्या मुलांना आणू नये असं माझं मत आहे.

पहिला थांबा बहुतेकदा शनिवारवाड्याचं पटांगण. दिल्ली दरवाज्यासमोर उभं राहून लोक नारायणरावाच्या खुनाची गोष्ट ऐकतात. ऐकताना मनात एक गोष्ट पक्की धरा: ३० ऑगस्ट १७७३ ला तो खून झाला तो भरदुपारी. रात्र आणि चांदणं आपण नंतर जोडलं. त्याला नुकतीच अठरा वर्षं पूर्ण झाली होती. पगारासाठी बिथरलेले गारदी, म्हणजे भाडोत्री शिपाई, वाड्यात घुसले, तो काकाकडे, राघोबाकडे धावला. आनंदीबाईंनी 'ध'चा 'मा' केला, ही कथा आपण सगळे ऐकत मोठे झालो, पण तसा कागद कुणी दाखवलेला नाही. चांगला गाईड इथे थांबून सांगतो की ही सांगीवांगी आहे, आणि न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांनी राघोबांना दोषी धरलं हा इतिहास आहे. तुमचा गाईड हा फरक करतो का, ते पाहा. करत नसेल तर नम्रपणे विचारा, 'हे कुठल्या कागदात आहे?' बहुतेक गाईडना हा प्रश्न आवडतो.

मग भिंतीला वळसा घालून नारायण दरवाज्याकडे घेऊन चला म्हणा. नारायणरावाचा देह तिथून बाहेर नेला असं सांगतात. जुन्या लोकांच्या तोंडी तो जांभूळ दरवाजाही आहे. तिथे गर्दी नसते. मी तिथे उभी राहिले की मला गंगाबाई आठवते. नवरा मारला गेला तेव्हा ती गरोदर होती. कारभाऱ्यांनी तिला पुरंदरावर नेलं आणि १८ एप्रिल १७७४ ला मुलगा झाला, तोच सवाई माधवराव. तो याच वाड्यात २५ ऑक्टोबर १७९५ ला वरून पडला आणि २७ तारखेला गेला. एकवीस वर्षांचा. गाईड हे एका ओळीत उरकतात. उंचावरून पडलेल्या माणसाचे ते दोन दिवस कसे असतात हे मी पाहिलंय, म्हणून मी इथे दोन मिनिटं गप्प उभी राहते. तुम्हीही राहा. गटाच्या मागे पडलात तरी चालेल. आतलं जवळजवळ सगळं १८२८ च्या आगीत जळालं, त्यामुळे जोती आणि तट यांवरूनच हे सगळं मनात उभं करावं लागतं.

नाना वाड्याशी घाशीराम कोतवालाची गोष्ट येते. १७९१ मध्ये त्यानं कोठडीत डांबलेले वीसहून अधिक तेलंगी ब्राह्मण गुदमरून मेले आणि चिडलेल्या जमावानं कोतवालाला दगडांनी ठेचून मारलं. ऐकताना दोन्ही मरणं ऐका. दगडानं मेलेला माणूस दोषी होता, तरी तो प्रसंग चवीनं सांगायचा नसतो.

लाल महालापाशी फार वेळ देऊ नका. १६६३ च्या एप्रिलमधल्या रात्री शाहिस्तेखानाची बोटं तुटली ती घटना खरी, पण समोर दिसते ती इमारत अलीकडची आहे. गाईडनं हे सांगितलं नाही तर तुम्ही सोबतच्यांना सांगा.

आता फेरीतला माझ्या मते सर्वांत मोठा भाग, १८९७ ची प्लेगची साथ. बहुतेक फेऱ्यांत हा प्लेगच्या बंदोबस्तावरचा इंग्रज अधिकारी रँड याच्या खुनापुरता येतो. २२ जून १८९७ ची रात्र, गणेशखिंडीत राणीच्या हीरक महोत्सवाची मेजवानी, परतणाऱ्या गाड्या, 'गोंद्या आला रे आला' ही खूण, दामोदर आणि बाळकृष्ण चापेकर. आयर्स्ट हा दुसरा इंग्रज अधिकारी जागीच गेला, रँड ३ जुलैला. ती जागा पेठांपासून लांब आहे, पायी फेरीत येत नाही. पण ज्या कारणानं ते झालं ते कारण याच गल्ल्यांत घडलं. सैनिक घराघरांत शिरून रोगी शोधत होते, माणसं उचलून छावण्यांत नेत होते, सामान जाळत होते. गाईडला विचारा, लोक आजारी माणसं लपवत का होते? मला याचं उत्तर २०२० मध्ये मिळालं. आमच्याकडे ताप लपवून आलेली माणसं मी पाहिली. त्यांना आजाराइतकीच, घरच्यांपासून तोडलं जाण्याची भीती होती. वेगळं ठेवणं वैद्यकीयदृष्ट्या बरोबर होतं, १८९७ मध्येही. पण दारावर बूट आपटून ते करता येत नाही.

म्हणून बुधवार पेठेत, दगडूशेठ गणपतीसमोर, भिडेवाड्याच्या जागेपाशी दोन मिनिटं थांबवायला सांगा. वाडा २०२३ च्या डिसेंबरात पाडला, तिथे स्मारक होणार आहे. १८४८ मध्ये मुलींची शाळा तिथे सुरू झाली हे सगळ्यांना ठाऊक असतं. सावित्रीबाई १० मार्च १८९७ ला प्लेगनंच गेल्या, हे मात्र त्या ठिकाणी कुणी सांगत नाही. यशवंतनं, त्यांच्या डॉक्टर मुलानं, रोग्यांसाठी दवाखाना काढला होता. मुंढव्याच्या एका मुलाला पाठीवर घालून त्यांनी तिथे नेलं आणि त्यातच त्यांना लागण झाली. एका फेरीत मी हे बोलले तेव्हा गाईड म्हणाला, 'मावशी, पुढच्या वेळी मी सांगतो.' त्यानंतर त्याच्या फेरीला मी पुन्हा गेले. त्यानं सांगितलं, आणि नीट सांगितलं.

सदाशिव पेठेत खुन्या मुरलीधराचं देऊळ येतं. १७९७ मध्ये गद्रे सावकारांनी मूर्ती बसवली तेव्हा पहारेकरी अरब आणि बॉईड नावाच्या अधिकाऱ्याच्या हाताखालचे शिपाई यांच्यात चकमक झाली, माणसं पडली, म्हणून हे नाव, असं सांगतात. देवळात जायचं तर चपला काढून, आरती चालू असेल तर बाहेरच. इथे फोटो काढण्याआधी विचारा.

एक गोष्ट मात्र मागू नका. १९७६-७७ च्या जोशी-अभ्यंकर खुनांतली घरं दाखवा म्हणून काही लोक गाईडच्या मागे लागतात. तेव्हा मी शाळकरी होते. संध्याकाळ झाली की आई दाराला आतून दोन कड्या लावायची आणि ओळखीचा आवाज आला तरी आधी खिडकीतून बघायची. त्या घरांतल्या माणसांचे नातेवाईक आजही आपल्यात आहेत. त्यांच्या दारासमोर घोळका उभा करायचा नाही.

शेवट नदीकाठी, ओंकारेश्वराशी करतात तो मला आवडतो. इथे गाईडला पानशेत विचारा. १२ जुलै १९६१. धरणाचं काम पुरं झालं नव्हतं तरी पावसाळ्यात पाणी साठलं, आदल्या रात्री जवान वाळूची पोती रचत होते, सकाळी धरण फुटलं, मग खडकवासलाही. माझं आजोळ नारायण पेठेत होतं. आई सोळा वर्षांची. आजीनं देव आणि स्टोव्ह उचलले, आईनं धाकट्या मामाला, आणि सगळे शेजारच्या माडीवर गेले. पाणी उतरल्यावर तांदळाच्या कोठीत चिखल होता. नळाला पाणी नव्हतं, वाड्यांच्या विहिरी उपसून लोक पाणी भरत होते. आई सांगते, तो वास कित्येक महिने भिंतींना होता. त्या भिंती आता नाहीत, तिथे सात मजली इमारत आहे. त्यामुळे पाणी कुठवर आलं होतं हे दाखवायला पायऱ्या आणि पूल एवढंच उरलं आहे. पायऱ्यांवर उतरून एकदा मागे वळून पेठांकडे बघा, उंचीचा अंदाज तेव्हाच येतो.

तिथून विठ्ठल रामजी शिंदे पूल जवळच आहे. २० ऑगस्ट २०१३ च्या सकाळी डॉ. नरेंद्र दाभोलकरांना या पुलावर गोळ्या घातल्या. पुलावर वाहनं वेगात असतात, म्हणून घोळक्यानं उभं राहू नका, कडेनं एकामागे एक चाला. बोलायचं असेल ते पूल ओलांडून बोला.

फेरी संपली की लगेच रिक्षा करू नका. कुठेतरी बसून चहा घ्या आणि घरी गेल्यावर घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाला विचारा, त्यांनी काय पाहिलंय. मी दर वेळी आईला सांगते, गाईडनं आज पाणी अमुक पायरीपर्यंत दाखवलं. ती खुर्चीत बसल्या बसल्या हात वर करते, जमेल तेवढा वर, आणि म्हणते, 'नाही गं. अजून वर.'