संपात पोलीस बंदोबस्त मागताय? या चुका टाळा

कापसाचा हंगाम ऐन भरात, बाहेर कास्तकारांच्या गाड्यांची रांग आणि हमाल आणि रेजांनी (मजूर बायांनी) काम बंद केलेलं. यवतमाळ-वर्ध्याकडच्या जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातून सरकी वेगळी काढणाऱ्या कारखान्यात, अशी वेळ आली की मालक ठाणेदाराला फोन लावतो, “साहेब, काम सुरू करून द्या.” चूक इथूनच सुरू होते. गेटबाहेर शांतपणे बसून घोषणा देणं गुन्हा नाही. त्या माणसांना उचलून कामावर बसवणं हे पोलिसांचं कामही नाही. मागायचं ते एवढंच: गाड्यांची ये-जा मोकळी राहावी, ज्याला कामावर यायचं त्याला कोणी अडवू नये, मारहाण-जाळपोळ होऊ नये. आवारात रुईच्या गठाणी आणि उघडा कापूस असेल तर आगीची भीती अर्जात स्पष्ट लिहा.

मोघम अर्ज

“कामगार गोंधळ घालत आहेत, जीवितास धोका आहे” एवढ्यावर काही हलत नाही. असं लिहा: “मंगळवारी सकाळी सव्वासातला मेन गेटसमोर ट्रॅक्टर आडवा लावला. सरकी भरलेला ट्रक साडेनऊपर्यंत आत अडकला. काट्यावरच्या दिवाणजीला घरी येऊन मारू अशी धमकी दिली.” ट्रकचा नंबर, चालकाचं नाव, सीसीटीव्हीचं फुटेज जोडा. वाट अडवणं भारतीय न्याय संहितेच्या कलम 126 खाली गुन्हा आहे, धमकीला कलम 351 आहे. पण कोणी, कुठे, केव्हा हे सांगितल्याशिवाय पोलीस तरी काय नोंदवणार?

दुसऱ्या प्रतीवर सही-शिक्क्याची पोच घेतल्याशिवाय ठाण्यातून निघू नका. एक प्रत एसपी (जिल्हा पोलीस अधीक्षक) ऑफिसला द्या. उद्या हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात जावं लागलं तर पोलिसांकडे लेखी काय मागितलं होतं, हा प्रश्न येणारच.

रागाच्या भरात, जागेवर नसलेल्या मुकादमाचं किंवा पुढाऱ्याचं नाव घुसडू नका. एक नाव खोटं निघालं की अख्ख्या अर्जावरचा विश्वास जातो. शिवाय माणसं आजूबाजूच्या गावांतलीच, पुढच्या हंगामात त्यांनाच बोलवायचं आहे.

बाहेरून पोरं आणणं

हे अजिबात करू नका. हाणामारी झाली की बंदोबस्त मागणाराच आरोपी होतो.

कामगार कार्यालय शेवटी आठवणं

सरकारी कामगार अधिकाऱ्याला पहिल्याच दिवशी पत्र द्या, समेटाची बैठक मागा. मजुरी थकली असेल तर ती आधी चुकती करा. घामाचे पैसे अडकवून गेटवर पोलीस उभे करणं मला साफ चुकीचं वाटतं, आणि बैठकीत पहिला प्रश्न त्याचाच निघतो. अडवणूक थांबतच नसेल तर वकिलामार्फत औद्योगिक न्यायालयात मनाई हुकूम मागा आणि मिळाल्यास त्याची प्रत ठाण्यात द्या. हुकूम हातात असला की पोलिसांनाही नेमकं काय करायचं ते कळतं.

पैसे भरले म्हणजे पोलीस आपले

महाराष्ट्र पोलीस अधिनियम, 1951 च्या कलम 47 नुसार अर्ज केल्यास एसपी जादा पोलीस देऊ शकतात. खर्च अर्जदाराचा, पण हुकूम त्यांच्या अधिकाऱ्यांचाच. त्यांना हजेरी तपासायला, कामगारांची समजूत काढायला लावू नका. त्यांची जेवणाची पंगत मालकाच्या ऑफिसात बसली की बाहेरच्यांचा त्यांच्यावरचा भरवसा उडतो आणि साधी बाचाबाचीही पेटते.

समेट झाला की त्याच दिवशी बंदोबस्त काढून घेण्याचा लेखी अर्ज द्या आणि त्याचीही पोच घ्या, म्हणजे बंदोबस्त काढायला कधी सांगितलं यावरून वाद होणार नाही.