आधीची अध्यापन सेवा ‘कॅस’मध्ये कशी धरून घ्यावी

सहायक प्राध्यापकाची आधीच्या महाविद्यालयातली सेवा ‘कॅस’ (करिअर अ‍ॅडव्हान्समेंट स्कीम) या योजनेतल्या पदोन्नतीसाठी धरायची का, हे यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) १८ जुलै २०१८ च्या विनियमांतल्या कलम १० वर ठरते. महाराष्ट्रात ८ मार्च २०१९ च्या शासन निर्णयाने हे विनियम लागू झाले. संस्थेचे व्यवस्थापन खासगी होते, स्थानिक संस्थेचे की सरकारी, यावरून सेवा नाकारता येत नाही. कलमातच तसे म्हटले आहे, त्यामुळे ‘विनाअनुदानितची सेवा चालत नाही’ असे कोणी तोंडी सांगितले तर लेखी उत्तर मागा.

आधीचे पद समकक्ष वेतनश्रेणीतले हवे, त्याची पात्रता यूजीसीच्या निकषाहून कमी नको आणि निवड रीतसर झालेली हवी. कनिष्ठ महाविद्यालयातली वर्षे इथेच गळतात, कारण ते पद समकक्ष नाही. शिवाय त्या काळात तुमची स्वतःची पात्रताही पूर्ण असावी लागते. नेट किंवा सेट नोकरीत असताना उत्तीर्ण झाला असाल, तर त्याआधीची सेवा मागू नका.

खरी अडचण कंत्राटी, तात्पुरत्या किंवा हंगामी सेवेची. ती धरता येते, पण रीतसर निवड समितीची शिफारस हवी आणि एकूण मासिक वेतन नियमित सहायक प्राध्यापकाच्या एकूण वेतनापेक्षा कमी नको. बहुतेक प्रस्ताव या दुसऱ्या अटीवर अडतात. सातव्या वेतन आयोगात सुरुवातीचे मूळ वेतनच ५७,७०० रुपये आहे. त्यात महागाई भत्ता आणि घरभाडे मिळवून त्या-त्या महिन्याची तुलना करावी लागते. तीस हजारांच्या ठोक मानधनावर केलेली सेवा, कितीही प्रामाणिकपणे केलेली असली, या अटीत बसत नाही. अतिथी व्याख्याता म्हणून केलेली सेवा कितीही काळाची असली तरी वगळली जाते, आणि तासिका तत्त्वावरची सेवाही याच कारणाने अडते. वर्षानुवर्षे तासिकांवर राबलेल्यांसाठी हे फार कठोर आहे, पण प्रस्ताव करताना या सेवेवर विसंबू नये.

हिशेब असा. पीएच.डी. असेल तर लेव्हल १० (सहायक प्राध्यापकाची सुरुवातीची वेतनपातळी) वरून ११ ला जायला ४ वर्षे, एम.फिल. असेल तर ५, दोन्ही नसेल तर ६. समजा पीएच.डी. आधीच झालेली आहे, मान्यताप्राप्त नियमित सेवा १ जुलै २०१६ ते ३० जून २०१८ झाली आणि नवी नेमणूक १ जानेवारी २०१९ ची आहे. मधले सहा महिने धरायचे नाहीत. आधीची २ वर्षे मिळाली तर १ जानेवारी २०२१ ला पात्रता येते, नाहीतर थेट १ जानेवारी २०२३. पीएच.डी. नोकरी करत, कोणतीही रजा न घेता केली असेल, तर तो काळ अध्यापनाचा अनुभवच ठरतो.

आता कागद. जाहिरातीची प्रत, निवड समितीचा अहवाल, नेमणूकपत्र, त्या नेमणुकीला विद्यापीठाने दिलेले मान्यतापत्र, रुजू अहवाल, कार्यमुक्तीचा आदेश, दरमहा पगारपत्रके किंवा फॉर्म १६ आणि बँकेचा उतारा. नुसता अनुभवाचा दाखला पुरत नाही. त्यात वेतन आणि निवडीची पद्धत क्वचितच लिहिलेली असते. दाखल्यावरची तारीख आणि मान्यतापत्रावरची तारीख जुळते का, ते आधीच पाहा. एका दिवसाच्या फरकावरूनही त्रुटीपत्र येते. जुने महाविद्यालय बंद पडले असेल तर मान्यतापत्राची साक्षांकित प्रत विद्यापीठाच्या मान्यता विभागात मागा.

नव्या ठिकाणी रुजू झाल्यावर लगेचच सेवा धरण्यासाठी प्राचार्यांकडे स्वतंत्र अर्ज द्या, आवक क्रमांक घ्या आणि मंजुरीची नोंद सेवापुस्तकात करून घ्या. कॅसच्या अर्जातच पहिल्यांदा हा विषय काढला तर छाननी त्यावरच थांबते. कॅसचा अर्ज पात्रतेच्या तारखेआधी तीन महिन्यांपर्यंत करता येतो. किमान कालावधी पूर्ण होताच अर्ज करून निवड झाली, तर पदोन्नती त्याच तारखेपासून लागू होते. पेन्शनसाठी सेवा जोडणे आणि वेतन संरक्षण हे मात्र वेगळे विषय आहेत. त्यांचे प्रस्ताव स्वतंत्रपणे विभागीय सहसंचालक कार्यालयाकडे पाठवा.