२ जीबी रॅमच्या फोनवर पीएसपी: आयएसओचं सीएसओ करा

भाच्याच्या फोनला रॅम २ जीबी, स्टोरेज १६. त्यातलं निम्मं आधीच भरलेलं. आणि साहेबांना हवेत माझे जुने पीएसपीचे (सोनीच्या हातात धरायच्या गेम-यंत्राचे) गेम, तेही फोनवर, पीपीएसएसपीपी या पीएसपीची नक्कल करणाऱ्या ॲपमध्ये. पीएसपीच्या एका यूएमडी डिस्कवर १.८ जीबीपर्यंत माल मावतो, म्हणजे असे चार गेम टाकले की फोन बोंबलणार.

आयएसओ, म्हणजे अख्ख्या डिस्कची एका फाइलमधली नक्कल, मी माझ्याच डिस्कमधून काढली. पीएसपीवर कस्टम फर्मवेअर (सोनीच्या मूळ सॉफ्टवेअरची बदललेली आवृत्ती) असेल तर मेनूत 'यूएसबी डिव्हाइस' यूएमडीवर ठेवायचं आणि केबल लावायची; कॉम्प्युटरवर डिस्क आयएसओ फाइल म्हणून दिसते. कॉपी मारा.

भाच्याने तिची झिप केली आणि म्हणाला, "मामा, हे चालतच नाही." कसं चालेल? झिप म्हणजे तोंड शिवलेली गोणी. तळातला तांदूळ हवा तर सगळी उपसावी लागते. सीएसओ म्हणजे त्याच तांदळाच्या छोट्या पुड्या. आयएसओचे २ केबीचे तुकडे वेगवेगळे दाबलेले, आणि कुठली पुडी कुठे याची यादी फाइलच्या सुरुवातीला. पीपीएसएसपीपीला हवी तेवढीच पुडी सोडता येते.

विंडोजवर 'मॅक्ससीएसओ' हे फुकट टूल घ्या आणि आयएसओ उचलून त्याच्या आयकॉनवर टाका. शेजारीच सीएसओ तयार होते. ती फोनवर न्या. आधीचे सेव्ह शाबूत राहतात, कारण ते वेगळ्या फोल्डरमध्ये असतात.

किती जागा वाचेल ते गेमवर. काही डिस्कवर नुसती भरताड असते, तिथे फाइल निम्म्याहून खाली येते. पण व्हिडिओ आणि आवाज मुळातच दाबलेले असल्याने सिनेमासारखे गेम फारसे आटत नाहीत.

सीएचडी हा दाबलेल्या फाइलचा दुसरा प्रकार; ती बहुधा आणखी लहान होते. पण पीपीएसएसपीपी १.१७ किंवा पुढचं लागतं, आणि ती बनवणाऱ्या 'सीएचडीमॅन' टूलमध्ये 'क्रिएटसीडी' नव्हे तर 'क्रिएटडीव्हीडी' ही कमांड वापरायची.

एक भ्रम मात्र काढून टाका: फाइल लहान झाली म्हणून गेम पळत नाही. अडखळत असेल तर पीपीएसएसपीपीच्या सेटिंग्जमध्ये रेंडरिंग रिझोल्यूशन १ पटीवर आणा, म्हणजे पीएसपीचं मूळ ४८० बाय २७२. तरी नाही जमलं तर फ्रेम स्किप (मधली चित्रं गाळणं) १ करा. आणि अख्खी आयएसओ रॅममध्ये घेण्याचा पर्याय बंदच ठेवा. भाच्याने तो 'फास्ट होईल' म्हणून चालू केला होता, ॲप दर वेळी बंद पडायचं.