कुणबिणीचे नाव कोणत्या रकान्यात असते?

बुलढाणा जिल्ह्यातल्या आमच्या गावात माझी आजी स्वतःविषयी बोलताना 'आम्ही कुणबिणी' असे सहज म्हणत असे. त्यामुळे इतिहासाच्या संशोधनासाठी पुण्याला आल्यावर पेशवे दफ्तरातील कागदांत 'कुणबीण' हा शब्द पहिल्यांदा दिसला, तेव्हा मला घरचे माणूस भेटल्याचा आनंद झाला. तीन आठवडे मी त्या नोंदी वहीत उतरवत होते आणि शेतकरी स्त्रियांच्या इतिहासाचे एक प्रकरण मनातल्या मनात रचत होते. चौथ्या आठवड्यात मार्गदर्शक बाईंनी वही चाळली आणि शांतपणे विचारले, ''शेतकऱ्याच्या बायकोपुढे रुपयांत किंमत का लिहिली असावी?'' अठराव्या शतकातील दफ्तरी भाषेत कुणबीण म्हणजे बहुतेक वेळा दासी, म्हणजे विकत घेता येणारी, बक्षीस देता येणारी, एका कोठीवरून, म्हणजे धान्यकोठारावरून, दुसऱ्या कोठीवर पाठवता येणारी बाई. बदकर्माचा आरोप आलेल्या स्त्रियांना सरकारात जमा करून कुणबिणी केल्याची प्रकरणेही त्या काळात आहेत. पेशव्यांना इतिहासाच्या केंद्रातून हलवायला मी निघाले होते आणि त्यांच्या जागी नकळत माझ्या आजीला बसवून मोकळी झाले होते.

हा प्रसंग आधी सांगण्याचे कारण असे की, प्रस्थापित दृष्टीला केंद्रावरून हटवणाऱ्या अभ्यासपद्धतींकडे जे विद्यार्थी उत्साहाने वळतात, त्यांतील बहुतेकांची पहिली चूक माझ्यासारखीच असते. राजाच्या जागी शेतकरी, पुरुषाच्या जागी स्त्री, दिल्लीच्या जागी गाव अशी अदलाबदल केली की काम झाले असे त्यांना वाटते. खुर्ची मात्र तिथेच राहते, फक्त बसणारा बदलतो. या पद्धतींना मराठीत अजून सर्वमान्य नाव नाही हेही या गोंधळाचे एक कारण असावे. 'विकेंद्रीकरण' म्हटले की वर्गातली निम्मी मुले पंचायत राज आणि ७३वी घटनादुरुस्ती लिहू लागतात. मी स्वतः 'केंद्र हलवणे' असे साधे क्रियापद वापरते, कारण त्यात कोणीतरी काहीतरी करत आहे हे दिसत राहते.

वाचनाची सुरुवात कुठून करावी असे विचारणाऱ्यांना मी आधी जोतीराव फुले वाचायला सांगते. दबलेल्या थरांच्या बाजूने इतिहास लिहू पाहणाऱ्या 'सबाल्टर्न स्टडीज' या मालेचा पहिला खंड १९८२ साली निघाला आणि 'गुलामगिरी' १८७३ सालची आहे, म्हणजे दोहोंत १०९ वर्षांचे अंतर आहे. पण हा मुद्दा केवळ 'आमचे आधीचे' असे म्हणण्याचा नाही. फुले यांनी वामनावताराची कथा घेतली आणि जिथून ती सांगितली जाते ती जागाच बदलली, म्हणजे दान मागणाऱ्याच्या बाजूने न पाहता ज्याचे राज्य गेले त्या बळीच्या बाजूने पाहिले. त्यासाठी त्यांनी पुरावा म्हणून काय घेतले हे नीट पाहावे. 'इडा पिडा टळो, बळीचे राज्य येवो' हे सणाला बायकांच्या तोंडी असणारे वाक्य त्यांनी पोथीच्या बरोबरीने साक्षीला उभे केले. त्यांच्या काही व्युत्पत्ती आज टिकत नाहीत, आणि तसे प्रबंधात स्पष्ट लिहायला संकोचू नये. साक्षीदार कोणाला मानायचे हा त्यांचा प्रश्न मात्र अजून तसाच उभा आहे.

आता पुन्हा कुणबिणींकडे वळते. शब्दाचा अर्थ कळल्यावर मी दुसऱ्या टोकाला गेले. काही नोंदींत 'पळाली' असे क्रियापद मिळाले आणि मी 'कुणबिणींचा प्रतिकार' असा निबंध लिहून एका चर्चासत्रात वाचला. त्या वेळी माझ्या डोक्यात सबाल्टर्न स्टडीजचे इतिहासकार रणजित गुहा होते. इंग्रज अधिकाऱ्यांच्या अहवालांत बंडखोर शेतकऱ्यांसाठी येणारी दूषणे उलटी वाचली, तर त्यांतून बंडखोरांच्या जाणिवेपर्यंत पोचता येते, असे त्यांनी १९८३च्या निबंधात दाखवले होते, आणि ती युक्ती शिकल्यावर जो तो कागद उलटा करून पाहण्याचा मोह होतो. निबंधाला टाळ्या पडल्या. नंतर चहाच्या वेळी एका ज्येष्ठ अभ्यासकांनी विचारले, ''ती पळाली हे तुम्हाला कोण सांगतो आहे?'' सांगत होता कोठीवरचा कारकून, आणि तो ते सांगत होता कारण त्याला हिशेबात एक नग कमी दाखवायचा होता. ती माहेरी गेली, की कोणी पळवून नेली, की आजारी पडून रस्त्यात मेली, यातले काहीच त्या क्रियापदात नाही. मालकाच्या नोंदीतून मी तिचे एकच कृत्य उचलले होते, तेही मालकाला नुकसान झाले म्हणून नोंदले गेलेले, आणि त्यालाच तिचे आयुष्य म्हणत होते. अशा अभ्यासांवर समीक्षक गायत्री चक्रवर्ती स्पिवाक यांनी १९८८ साली घेतलेला आक्षेप मला त्या दिवशी समजला. 'आम्ही त्यांना आवाज देतो' म्हणणारा अभ्यासक बहुधा आपलाच आवाज ऐकत असतो.

मग करायचे काय? माझ्या बाबतीत वाट उघडली ती प्रश्न बदलल्यावर. कुणबिणींनी विरोध केला का, हा प्रश्न माझ्या काळातला आणि माझ्या सोयीचा होता. त्याऐवजी, वाड्यात रोज शिजणाऱ्या अन्नाचे धान्य कोण दळत होते असे विचारल्याबरोबर कागद वेगळे बोलू लागले. कुणबिणींची नावे शोधायची तर ती सरदारांच्या पत्रव्यवहारात नव्हे, तर कोठी आणि थट्टी (गुरांचा गोठा) यांच्या हिशेबांत, शेर आणि लुगड्यांच्या नेमणुकांत सापडतात. एखाद्या यादीत म्हशी, वासरे, वैरण आणि त्याच ओळींत पुढे कुणबिणी येतात. पहिल्यांदा अशी यादी वाचताना मी पेन खाली ठेवून थोडा वेळ बाहेर जाऊन उभी राहिले होते. परत आल्यावर मात्र यादीकडे हिशेब म्हणूनच पाहावे लागते. कोणाला किती धान्य, कोणाला वर्षाला किती वस्त्रे, कोणापुढे मूल लिहिले आहे, कोणाचे नाव पुढच्या वर्षीच्या यादीत नाही, हे रकान्यांत मांडत गेले की त्या कामाचा आकार हळूहळू दिसू लागतो, आणि पेशवाईच्या राज्यकारभाराचे चित्र स्वयंपाकघराच्या बाजूने पाहिल्यावर कसे दिसते तेही कळते.

यासाठी मोडी यावीच लागते, आणि ती शिकायला कंटाळू नये. रेघ आधी आखलेली, शब्द सलग लिहिलेले, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद जवळजवळ नाही, अशी ती लिपी पहिले दोन महिने डोळ्यांना नुसती जाळी वाटते. कालगणनाही शिकावी. 'सीत सबैन मया व अलफ' म्हणजे दफ्तरात अरबी शब्दांत लिहिला जाणारा सुहूर सन ११७६, त्यात ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन मिळते, आणि हे वर्ष मृगाच्या सुमारास सुरू होत असल्याने दोन्हींपैकी कोणता आकडा घ्यायचा ते महिना पाहून ठरते. हे तांत्रिक वाटेल, पण छापील निवडक कागदांवर अवलंबून राहणे म्हणजे निवड करणाऱ्याच्या नजरेवर अवलंबून राहणे होय. गोविंद सखाराम सरदेसाई यांच्या देखरेखीखाली १९३० ते १९३४ या काळात पेशवे दफ्तरातील वेच्यांचे ४५ खंड छापले गेले. ते काम प्रचंड आहे आणि त्याशिवाय आपण कोणीच पुढे जाऊ शकत नाही. तरी लढाया आणि राजकारण यांना मिळालेली जागा आणि थट्टीच्या हिशेबाला मिळालेली जागा यांची तुलना एकदा स्वतः करून पाहावी.

कागद संपतात तिथे मौखिक साधने येतात. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी महाराष्ट्रातील हजाराहून अधिक गावांतून एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. मला त्या संग्रहाचे सर्वांत मोठे मोल वाटते ते संख्येत नाही, तर गाणाऱ्या बाईचे नाव आणि गाव नोंदवण्याच्या शिस्तीत आहे. 'लोकसाहित्य' म्हटले की कर्ता नाहीसा होतो आणि संपादकाचे नाव मुखपृष्ठावर येते, ही आपल्याकडची जुनी सवय आहे. मी स्वतः मुळशीच्या बाजूला एका गावात प्रश्नावली घेऊन गेले होते. वीस प्रश्न तयार होते आणि पहिला प्रश्न जातीविषयी होता. समोरच्या आजींनी तो ऐकला, न ऐकल्यासारखे केले, जात्याच्या खुंट्यावर हात ठेवला आणि भावाच्या ओव्या म्हणायला लागल्या. अर्ध्या तासाने त्याच ओव्यांच्या ओघात त्यांनी विहिरीचा एक प्रसंग सांगितला, ज्यात माझ्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर होते, पण त्यांच्या शब्दांत आणि त्यांनी ठरवलेल्या जागी. त्यानंतर मी प्रश्नावली पिशवीतून बाहेर काढली नाही.

विद्यापीठाच्या आतले केंद्रही विसरू नये. राजकीय विचारवंत गोपाळ गुरू यांनी २००२ साली भारतीय समाजशास्त्रांबद्दल लिहिताना सैद्धान्तिक ब्राह्मण आणि अनुभवजन्य शूद्र अशी विभागणी दाखवली होती, आणि कोणत्याही चर्चासत्राची कार्यक्रमपत्रिका पाहिली की तिचा प्रत्यय येतो. दलित विद्यार्थिनीला 'अनुभव सांग' असे म्हटले जाते आणि त्यावर भाष्य करायला दुसऱ्याच कोणाला बोलावतात. समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे यांनी दलित स्त्रियांच्या आत्मकथनांकडे वैयक्तिक दुःखाच्या कहाण्या म्हणून न पाहता सामाजिक साक्ष आणि सिद्धान्त म्हणून पाहायला शिकवले, ते याच कारणाने महत्त्वाचे ठरते. आजकाल प्रबंधाच्या प्रस्तावनेत 'मी अमुक जातीची, अमुक वर्गाची संशोधक' असा एक परिच्छेद घालण्याची पद्धत पडली आहे. माझ्या मते त्यातले बहुतेक परिच्छेद देवापुढे नारळ फोडल्यासारखे असतात, कारण पुढच्या तीनशे पानांत त्यामुळे काहीच बदलत नाही. माझ्या प्रबंधात तसा परिच्छेद नाही, पण 'कुणबीण' शब्दाची माझी चूक पहिल्याच प्रकरणात सविस्तर लिहिलेली आहे.

आणखी एक गोष्ट पुण्यात बसून शिकणाऱ्यांसाठी. युरोपला केंद्रावरून हलवण्याविषयी आपण उत्साहाने बोलतो, पण मराठी इतिहासलेखनात ती मापदंडाची जागा पुण्याने घेतली आहे, हे वऱ्हाड-मराठवाड्यातून आलेल्या मुलांना लगेच जाणवते. ताराबाई शिंदे यांनी 'स्त्रीपुरुषतुलना' आमच्या बुलढाण्यात राहून लिहिली, १८८२ साली ती पुण्यात छापली गेली, मग विस्मृतीत गेली आणि १९७५ साली स. गं. मालशे यांनी ती पुन्हा प्रकाशात आणली. मला हे एम.ए.ला पुण्यात आल्यावर कळले. माझ्या शाळेत त्यांचे नाव एकदाही निघाले नव्हते.

पुराभिलेखागारात पहिल्या दिवशी जाताना मार्गदर्शकांचे पत्र, पेन्सिल आणि रकाने आखलेली वही एवढे पुरते. रुमाल, म्हणजे कापडात बांधलेला कागदांचा गठ्ठा, मागवताना विषयाचे नाव सांगू नका, कारण 'कुणबिणी' असा रुमाल कोणी बांधून ठेवलेला नाही. रोजकीर्द (रोजचा जमाखर्च) आणि घडणी (खातेवार हिशेब) मागा, थोडे खर्चाचे हिशेब मागा. पहिल्या रुमालात बहुधा काही मिळत नाही. मला मिळायला सतरावा रुमाल लागला होता, आणि त्यातही ते नाव शेवटच्या बंदावर (कागदावर), गवताच्या हिशेबाखाली होते.