मारिया दे ला ओ: स्पॅनिश नावातला हा 'ओ' कसला, आणि अशी नावं उलगडायची कशी

आमच्या ऑफिसात स्पेनच्या क्लायंटची लिस्ट आली की ती एक्सेलमध्ये साफ करायचं काम माझ्याकडे असतं, आणि एकदा त्यात एका बाईंचं नाव होतं मारिया दे ला ओ, पुढे दोन आडनावं. मला वाटलं कोणीतरी टाइप करताना अर्धवट सोडलंय, ओ म्हणजे ओर्तेगा वगैरे असणार, म्हणून मी तो एकटा पडलेला ओ उडवला आणि पत्र गेलं 'प्रिय मारिया दे ला' असं. आता 'दे ला' म्हणजे आपलं 'ची', तर मी त्या बाईंना लिहिलं होतं 'प्रिय ची मारिया', कशाची ते गायब. त्यांचं उत्तर आलं, चिडून नाही, एकच ओळ: माझा ओ कुठे गेला?

तेव्हापासून अशी नावं दिसली की मी थांबून बघते. कॉल सेंटरला, शिपिंगला, युनिव्हर्सिटीच्या अ‍ॅडमिशनला असणाऱ्यांना हे रोज लागतं, आणि ज्यांना बाळाचं नाव वेगळं ठेवायचंय म्हणून नेटवर याद्या चाळायची सवय आहे त्यांना तर जास्तच, कारण त्या याद्यांमध्ये अर्थाच्या नावाखाली काहीही दिलेलं असतं.

आधी डिक्शनरी बंद करा. खरंच. दोलोरेस टाकलं तर येतं वेदना, सोलेदाद म्हणजे एकटेपणा, अंगुस्तियास म्हणजे जिवाची घालमेल, सोकोरो म्हणजे चक्क 'वाचवा'. मराठी माणसाला लगेच नकुशी आठवते, वाटतं की मुलगी झाली म्हणून घरच्यांनी दुःख असं नाव ठेवलं की काय. तसं काही नाहीये. हे नाव अर्धं आहे, पुढचं अर्धं गिळलंय. पूर्ण नाव मारिया दे लोस दोलोरेस, म्हणजे दुःखं सोसलेली मारिया, येशूची आई. म्हणजे मुलीला 'दुःख' म्हटलेलं नाहीये, तिला मारियाचं एक रूप दिलंय. आपल्याकडे देव एकच विठोबा पण एका घरात पांडुरंग, दुसऱ्या घरात पंढरीनाथ, तसंच. पंढरीनाथ हे नाव गावावरून पडलंय हे आपल्याला कोणी शिकवावं लागत नाही, स्पॅनिश लोकांनाही पिलार म्हटलं की झारागोझा शहर आपोआप कळतं.

म्हणून पहिलं काम हेच, नावाच्या आधी 'मारिया दे' लावून बघायचं. यातून आणखी एक कोडं सुटतं. स्पॅनिशमध्ये पिलार म्हणजे खांब, रोसारिओ म्हणजे जपमाळ, कोन्सुएलो म्हणजे दिलासा, हे सगळे शब्द व्याकरणात पुल्लिंगी, तरी नाव मुलींचं. कारण मागे लपलेली मारिया स्त्री आहे ना. रोसारिओ दमला असं कोणी म्हणत नाही, रोसारिओ दमली. क्लासमध्ये ओकारान्त ते पुल्लिंगी असा नियम पाठ केलेले लोक इथे हमखास आपटतात.

मग बघायचं की मारियाची ही कुठली ओळख आहे. साधारण चार तऱ्हा दिसतात, पण फार काटेकोर घेऊ नका. काही नावं गावाची किंवा डोंगराची, मोन्सेरात म्हणजे बार्सिलोनाजवळचा करवतीसारख्या दातांचा डोंगर, माकारेना म्हणजे सेव्हिया शहराचा एक मोहल्ला (हो, ज्या शब्दावर नव्वदच्या दशकात सगळं जग नाचलं तोच). काही नावं तिच्या आयुष्यातल्या प्रसंगांची, आसुन्सिओन म्हणजे तिला स्वर्गात नेलं तो सण, १५ ऑगस्ट, आपल्याकडचे ख्रिस्ती लोक त्या दिवशी झेंडावंदन आणि मिस्सा दोन्ही करतात. काही मदतीची, रेमेदिओस, आम्पारो, मेर्सेदेस. मेर्सेदेसचं मूळ १२१८ सालच्या बार्सिलोनातलं, मुसलमान राज्यांत कैद झालेल्या ख्रिस्ती लोकांना पैसे भरून सोडवून आणणारा एक पंथ पेद्रो नोलास्कोने तिथे काढला, त्या पंथाची मारिया ती मेर्सेद, सण २४ सप्टेंबरला. गाडीचं नाव एमिल येलिनेक नावाच्या व्यापाऱ्याच्या मुलीवरून पडलं, तिला घरी मेर्सेदेस म्हणायचे. म्हणजे सिग्नलला शेजारी जी मर्सिडीज उभी असते तिच्या नावामागे कैद्यांना सोडवणारी आई आहे, ड्रायव्हरला बिचाऱ्याला काय पत्ता. आणि चौथी तऱ्हा वस्तूंची, खांब, जपमाळ वगैरे.

आता आपला ओ. तो या चारांत कुठेच बसत नाही. ते गाव नाही, प्रसंगाचं नाव नाही, वस्तू तर नाहीच. तो आवाज आहे.

गोष्ट अशी की देवदूताने मारियाला येऊन सांगितलं तू आई होणार, तो सण २५ मार्चला, नाताळच्या बरोबर नऊ महिने आधी, हिशोब सरळ आहे. पण २५ मार्च बहुतेक वेळा उपवासाच्या चाळीस दिवसांत येतो, आणि उपवासात जल्लोष कसा करायचा. म्हणून स्पेनच्या बिशपांनी ६५६ साली तोलेदोच्या दहाव्या परिषदेत हा सण उचलून १८ डिसेंबरला ठेवला, नाताळच्या सात दिवस आधी. मग तोलेदोचे पुढचे बिशप सान इल्देफोन्सो यांनी तो आणखी रुजवला. पुढे २५ मार्चचा सण सगळीकडे चालू राहिलाच, पण १८ डिसेंबर स्पेनने सोडला नाही, त्याला नवा अर्थ आला, बाळंतपणाची वाट बघणारी मारिया. म्हणजे नऊ महिने भरलेले, पोट पुढे आलेलं, आता आज की उद्या. तिच्या जुन्या मूर्ती बघा, एक हात पोटावर असतो. डोहाळजेवण झालेल्या बाईला बसल्या जागी पोटावर हात ठेवायची सवय लागते ना, अगदी तसा.

याच आठवड्यात, १७ ते २३ डिसेंबर, संध्याकाळच्या प्रार्थनेत रोज एक अशी सात लॅटिन आवाहनं म्हणतात आणि सातही ओ ने सुरू होतात. ओ सापिएन्तिया म्हणजे हे प्रज्ञे, ओ आदोनाय, ओ रादिक्स, ओ क्लाविस, ओ ओरिएन्स, ओ रेक्स, ओ एमान्युएल. प्रत्येकात शेवटी 'ये' अशी हाक. आता हे 'हे प्रज्ञे' वगैरे भाषांतर फार सोवळं वाटतं, खरं तर हा ओ आपल्या 'ओ काका, ओ वहिनी' मधलाच, लांबून हाक मारायचा. आणि यात एक गंमत दडवलीये, या सात शब्दांची पहिली अक्षरं शेवटाकडून उलटी वाचली, एमान्युएलचा ए, रेक्सचा र, ओरिएन्सचा ओ, मग क्लाविस, रादिक्स, आदोनाय, सापिएन्तिया, की लॅटिनमध्ये तयार होतं 'एरो क्रास', म्हणजे 'उद्या मी असेन'. २३ तारखेला सातवं आवाहन म्हणून झालं की वाक्य पुरं होतं आणि उद्या नाताळची पूर्वसंध्या. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा कागदावर लिहून तपासलं, बसतंय बरोबर.

स्पेनमध्ये सांगतात की १८ तारखेची संध्याकाळची प्रार्थना संपली की चर्चमधले पाद्री मिळून एक लांबलचक ओ ओढायचे, शब्द नाहीत, नुसता ओ, सगळी सृष्टी वाट बघून थकलीये हे दाखवायला. म्हणून ती ओ ची मारिया. काहीजण सांगतात की ओ म्हणजे गोल पोट, ऐकायला छान आहे पण माझं मत विचाराल तर ते नंतर चिकटलेलं, आवाजाचं कारण जास्त पटतं.

ही मारिया सापडते मुख्यतः खाली दक्षिणेला, आंदालुसियात. सेव्हियात नदीपलीकडे त्रियाना भागात कास्तिया रस्त्यावर तिचं चर्च आहे, आणि समुद्राकडे गेलात तर सानलुकार दे बारामेदा, चिपिओना, रोता या तिन्ही गावांचं मुख्य चर्च तिच्याच नावाचं. त्रियानातली मूर्ती मात्र बघून गोंधळायला होतं, कारण ती गुड फ्रायडेला मिरवणुकीत निघते ती गालावर अश्रू असलेली, मुलगा गमावलेली आई. नाव वाट बघण्याचं, चेहरा दुःखाचा. पोर्तुगीज लोक हिला नोसा सेन्योरा दो ओ म्हणतात, त्यांनी ती ब्राझीलला नेली आणि साओ पाउलो शहरात एका पूर्ण भागाचं नावच फ्रेगेझिया दो ओ आहे, म्हणजे 'ओ चा परिसर', पत्ता लिहायला किती सोपा.

आता पुढची पायरी, दिवस शोधा. स्पेनमध्ये वाढदिवसासोबत नावाचा दिवसही असतो, त्याला सरळ 'माझा सांतो' म्हणतात, आणि जुन्या वळणाच्या घरात त्या दिवशी फोन केला नाही तर राग येतो. दिवस कळला की नावाचं अर्धं कुळ कळतं. पिलार १२ ऑक्टोबर, निएवेस म्हणजे बर्फ ती ५ ऑगस्टला, ऐन उन्हाळ्यात रोमच्या टेकडीवर बर्फ पडला या आख्यायिकेवरून. एस्पेरान्साचा दिवस पण १८ डिसेंबर. म्हणजे एस्पेरान्सा आणि मारिया दे ला ओ या एकाच सणाच्या दोन मुली, एकीला 'आशा' हा शब्द मिळाला, दुसरीला नुसता उद्गार.

मग गाव बघा. अंगुस्तियास म्हटलं की ग्रानादा, बेगोन्या म्हटलं की बिलबाओ, आम्पारो म्हटलं की वालेन्सिया. स्पेनच्या सरकारी सांख्यिकी संस्थेच्या साइटवर नाव टाकलं की त्या नावाची किती माणसं आहेत, सरासरी वय किती, कुठल्या प्रांतात जास्त, हे फुकट दिसतं. दुर्मिळ आहे की नाही याचा वाद तिथेच मिटतो. अंगुस्तियाससारखं नाव टाकून सरासरी वय बघा, आज्यांच्या पिढीचं निघतं, आपल्याकडच्या गंगूबाई आणि यमुनाबाईंसारखं.

हाक मारायचं नाव वेगळंच असतं, इथे लोक फार फसतात. दोलोरेसची लोला, रोसारिओची चारो, कोन्सुएलोची चेलो, कोन्सेप्सिओनची कोन्चा, इन्माकुलादाची इन्मा. मीटिंगमध्ये चारो नावाच्या बाई बोलतायत आणि यादीत चारो कोणीच नाही, तर रोसारिओ शोधा. पण तुम्ही स्वतःहून कोणाला लोला म्हणायला जाऊ नका, त्यांनी ईमेलखाली तशी सही केली की मगच.

लिहिताना काय करायचं, हे माझ्या चुकीतून. 'मारिया दे ला ओ' हे सगळं मिळून एक नाव आहे, फर्स्ट नेमच्या रकान्यात अख्खं जायला हवं, मारिया एकीकडे आणि दे ला मिडल नेममध्ये असं नाही. वडिलांचं नाव मधे घालायची आपली पद्धत तिथे नाही. त्यांना आडनावं दोन, पहिलं बहुतेक वडिलांकडचं, दुसरं आईकडचं, दोन्ही ठेवा. कागदपत्रांत मारियाऐवजी नुसता एम आणि वर बारीकसा ए दिसेल, तो इनिशियल नाहीये, ती मारियाच. आणि एका अक्षराचं नाव सॉफ्टवेअरने नाकारलं तर सॉफ्टवेअरवाल्याशी भांडा, अक्षर उडवू नका.

आपल्याकडे हे अगदीच परकं आहे असंही नाही, फक्त आपल्याकडे ते पोर्तुगीजांच्या हातून आलं. वसईत रमेदी आहे ना, तिथल्या चर्चची माता म्हणजेच रेमेदिओस, उपाय करणारी मारिया, पोर्तुगीज रेमेदिउसचं मराठी तोंडात रमेदी झालं आणि मग त्या भागालाच ते नाव पडलं. कांदिवलीच्या पोयसरचं चर्चही तिचंच. म्हापशाला मिलाग्रिस सायबीण, म्हणजे चमत्कारांची मारिया, स्पॅनिश मिलाग्रोसची सख्खी बहीण, आणि तिथले हिंदू लोक तिला शिरगावच्या लईराई देवीची बहीण मानून तेल वाहतात. त्यामुळे गोव्यातल्या किंवा वसईतल्या एखाद्या आजीचं नाव पिएदाद, कोन्सेसांव असं ऐकलंत तर वरच्याच पायऱ्या लावा, चालतात.

त्या बाईंना मी दर १८ डिसेंबरला 'फेलिसिदादेस', म्हणजे अभिनंदन, असा मेसेज पाठवते, ओ सकट पूर्ण नाव लिहून. पहिल्या वर्षी ऑफिसला पोचल्या पोचल्या सकाळी नऊला पाठवला होता, हिवाळ्यात स्पेन आपल्यापेक्षा साडेचार तास मागे असतं हे डोक्यातच नाही, तिकडे पहाटेचे साडेचार. आता दुपारी दोननंतर पाठवते.