अडेनियम बियांपासून लावताय? आधी छप्पर बघा

अडेनियमच्या (म्हणजे डेझर्ट रोज, फुगलेल्या बुंध्याचं फुलझाड) बिया ऑर्डर करायच्या आधी मान वर करून बघा, ट्रे जिथे ठेवणार तिथे डोक्यावर नक्की काय आहे ते. ग्रीन नेट असेल तर ते छप्पर नाही. परत सांगते, ग्रीन नेट म्हणजे छप्पर नाही. त्याने ऊन कमी होतं, पाऊस अडत नाही, उलट पाऊस थांबला तरी जाळीतून थेंब पडतच राहतात आणि खाली रोपं भिजत बसतात. गेल्या वर्षी माझ्याकडे चांगल्या बिया, चांगलं मिक्स, बुरशीनाशक सगळं होतं, फक्त छप्पर नव्हतं, मेमधल्या वळवाने पूर्ण ट्रे बसवला. त्यामुळे या यादीत पहिला नंबर छपराचा. पत्रा, फायबर, पॉलीकार्बोनेट, अगदी काठ्यांवर ताणलेलं जाड पारदर्शक प्लास्टिकही चालेल, पण उतार ठेवा आणि पागोळ्या ट्रेमध्ये पडत नाहीत ना ते बादलीभर पाणी ओतून बघा.

वेळ. फेब्रुवारीचा शेवट ते मार्च. बी उगवायला साधारण 27 ते 32 अंश तापमान लागतं, पुण्या-नाशकाकडच्या जानेवारीतल्या रात्री त्यासाठी फार गार. आणि मार्चमध्ये पेरलं की जूनपर्यंत रोपाला खाली थोडं बाळसं धरायला वेळ मिळतो. मेमध्ये पेरू नका, कोणी कितीही सांगितलं तरी. विदर्भात असाल तर फेब्रुवारीतच उरका, नाहीतर कोवळी रोपं एप्रिलच्या उन्हात करपतात.

बिया ताज्या हव्यात, हे महत्त्वाचं, कारण जुन्या झाल्या की उगवण घसरत जाते. भरीव, तपकिरी बघून घ्या, चपट्या पोकळ बाजूला काढा. कोणाच्या घरी शेंगा धरल्या असतील तर त्यांच्याकडूनच मागा, पण पिकायच्या आधी शेंगेला दोरा गुंडाळायला सांगा, नाहीतर शेंग तडकली की बिया रुईच्या म्हातारीसारख्या उडून जातात (कूळ तेच आहे, फक्त अडेनियमच्या बीला दोन्ही टोकांना तुरा असतो). रंगाच्या फोटोंवर जाऊ नका. बियांपासून आईसारखंच फूल येईल याची खात्री नसते, नेमका रंग हवा असेल तर कलम घ्या. बियांपासून लावायचं कारण वेगळं, खालचा तो फुगलेला बुंधा, ज्याला सगळे कॉडेक्स म्हणतात, तो बियांच्या रोपाला जसा येतो तसा फांदीवरून केलेल्याला सहसा येत नाही.

ट्रे काहीही. हॉटेलच्या पार्सलचा डबासुद्धा, तळाला भोकं पाडून. भरपूर पाडा.

मिक्समध्ये (ट्रेमध्ये भरायच्या मिश्रणात) कोकोपीट म्हणजे नारळाच्या काथ्याचा भुसा, परलाइट म्हणजे पांढरे हलके दाणे, आणि जाड वाळू, अंदाजे समान. बागेतली काळी माती अजिबात नको, पाणी धरून ठेवते. कोकोपीटची वीट भिजवून दोन-तीनदा धुवा, त्यात क्षार असतात, ते कोवळ्या मुळांना बाधतात. वाळू चाळून फक्त जाड कण घ्या.

बिया दोन-तीन तास कोमट पाण्यात ठेवा, रात्रभर नको. मग आडव्या ठेवून वरून अगदी पातळ थर, बी जेमतेम झाकेल इतकाच. साफ नावाची बुरशीनाशक पावडर मिळते, लिटरला 2 ग्रॅम, त्याचं पाणी एकदा द्या. वरून झाकण ठेवलं तर रोज उघडून हवा द्या आणि कोंब दिसले की काढाच, नाहीतर मानेपाशी कुजून रोपं आडवी पडतात. ताजी बी आठवड्याभरात उगवते, कधीकधी त्याआधीच. दोन आठवड्यांत काही नाही आलं तर उकरत बसू नका, गेली समजा.

उगवली की सकाळचं कोवळं ऊन हवंच, अंधाऱ्या खिडकीत ठेवली तर नुसती लांबुडकी होतात. पाणी वरचा थर सुकल्यावर.

आणि आता मे. तुम्हाला वाटेल अजून पाऊस कुठाय. वळीव संध्याकाळी येतो, तेव्हा तुम्ही ऑफिसात किंवा लोकलमध्ये असता, घरी कोण ट्रे उचलणार? म्हणून एप्रिल संपायच्या आत ट्रे कायमचे छपराखाली. जुलैत मुंबई-कोकणात झड आडवी येते, तेव्हा नुसतं वरून नाही, वाऱ्याच्या बाजूनेही प्लास्टिक लावा, पण उरलेल्या बाजू उघड्या ठेवा, हवा बंद झाली तर न भिजताही कुजतात. फ्लॅटवाल्यांनी वरच्या मजल्यावरच्या कुंड्यांचं पाणी आणि एसीचा पाइप कुठे गळतो तेही बघून ठेवा.

पुढचं फार नाही. चार-सहा खरी पानं आली की छोट्या कुंडीत, दोन-तीन दिवस कोरडं ठेवून मग पाणी. खत पातळ आणि कमी. थंडीत पानं गळली तर घाबरून पाणी वाढवू नका, झाड झोपलंय. चीक विषारी असतो, आफ्रिकेत तो बाणांना लावायचे, तेव्हा छाटणीनंतर हात धुवा, मुलं आणि मांजर लांब. फूल साधारण वर्ष-दीड वर्षाने, काहींना जास्त वेळही लागतो.